मामांचं गाऱ्हाणं

मराठी भाषेत खरा शब्द एकच आहे आणि बाकीचे सगळे त्याच्या हाताखाली कारकुनी करतात, असं आमच्या मामांचं ठाम मत होतं. तो शब्द म्हणजे गाऱ्हाणं. कोणी जप करतं, कोणी तंबाखू मळतं, मामा हा शब्द चघळायचे. दुधाच्या रांगेत, न्हाव्याच्या खुर्चीत, मयताला गेल्यावर तिरडी बांधून होईपर्यंतच्या मोकळ्या वेळात, कुठेही श्रोता सापडला की त्या शब्दाचं मूळ, कूळ आणि त्यानं केलेला प्रवास सुरू व्हायचा. आपल्याला घाई आहे असं सांगून सुटका होत नसे. "म्हणजे तुझं गाऱ्हाणं असं, की तुला वेळ नाही," असं म्हणून ते तिथूनच पुन्हा गाडी सुरू करत. एकदा दातांच्या डॉक्टरांना त्यांनी तोंडात कापूस असताना हा विषय समजावून दिला होता. डॉक्टरांनी फी घेतली नाही, फक्त पुढच्या वेळी दुसरीकडे जायला सांगितलं.

मामा म्हणजे माझ्या मिस्टरांचे मामा. मूळचे मालवणकडचे. घाटकोपरला डोंगराच्या बाजूला आमची चार मजली सोसायटी होती, नावात सहकारी आणि स्वभावात अजिबात नाही अशी. तिथे आम्ही दुसऱ्या मजल्यावर आणि मामा तळमजल्यावर. मामी लवकर गेल्या, मूलबाळ नव्हतं. अंगानं काटकुळे, पट्ट्यापट्ट्याचा लेंगा, वर गंजीफ्रॉक, आणि आवाज मात्र दोन माणसांचा. ऐंशीच्या दशकातल्या त्या आमच्या इमारतीत बहुतेक बिऱ्हाडं कोकणातली, गिरण्या बंद पडल्यावर परळ-लालबागहून इकडे सरकलेली. कोणी आता रिक्षा चालवत होतं, कोणी कुरियर कंपनीत होतं, कोणी कँटीन चालवत होतं. आम्ही दोघीच घाटावरच्या. एक मी, साताऱ्याकडची, आणि दुसऱ्या शेजारच्या साळवेबाई, औरंगाबादच्या बाजूच्या. त्यांच्या घरी बुद्धाची मूर्ती होती आणि जिभेवर कोणाचीच भीड नव्हती. मी बँकेत नोकरीला होते आणि सोसायटीची सेक्रेटरीही होते, कारण बाकीच्या सगळ्यांना घरी विचारून सांगायचं होतं.

आणि गाऱ्हाण्यावर एवढा अधिकार सांगणाऱ्या ह्या माणसाशी त्याचा सख्खा थोरला भाऊ बोलत नव्हता. कित्येक वर्षं. कारणही गाऱ्हाणंच. मामा दिवसभर त्या शब्दाविषयी बडबडत, पण भावाचा विषय निघाला की खुर्ची उचलून उन्हातून सावलीत नेत, सावलीत असली तर उन्हात नेत. आपल्या भावानं आपल्याशी एकदा बोलावं, एवढीच त्या माणसाची जगाकडून अपेक्षा उरली होती, हे इमारतीत सगळ्यांना ठाऊक होतं. ते प्रकरण पुढे सांगते. आधी शब्दाचं सांगितलं पाहिजे, नाहीतर मामा वर बसून रागावतील.

मामांच्या मते लोक ह्या शब्दाची फार हेळसांड करत. त्यांच्याकडे कव्हर गेलेला एक जुना शब्दकोश होता. त्यात ह्या शब्दापुढे 'तक्रार' एवढाच अर्थ छापलेला पाहून त्यांनी तो कोश बरेच दिवस भिंतीकडे तोंड करून ठेवला होता. तक्रार हा शब्द त्यांना पाहुण्यासारखा वाटे. "तो अरबस्तानातून आलेला. तिकडे त्याचा अर्थच मुळी पुन्हा पुन्हा तेच बोलणं," ते सांगत. माझ्याशी ते शुद्ध बोलायला जात आणि अर्ध्यावर मालवणीत घसरत. "कागाळी पाठीमागे करतात. फिर्याद पोलिसात देतात. तक्रार कोणीही कोणाकडेही करतो. गाऱ्हाणा तसा नाय गो. ज्याच्यावर आपलो हक्क आसा, तेच्याकडेच गाऱ्हाणा घालतत."

"मग रेशनच्या दुकानदारावर आपला काय हक्क?" मी विचारलं.

"म्हणून तर तो आयकणा नाय," मामा म्हणाले.

मूळ शब्द संस्कृतातला, गर्हणा. म्हणजे निंदा करणं, दोष देणं. "म्हणजे मुळात शिवीच की," मी म्हटलं. मामांना हे फार आवडलं. "शिवीच. पण शिवी सुधारली. आधी ती बायकांच्या तोंडी गेली, मग रयतेबरोबर सरकारदरबारी गेली, आणि कोकणात इली ती सरळ देवळात जाऊन बसली." कारण कोकणात गाऱ्हाणं म्हणजे प्रार्थना. घाटावर आम्ही गाऱ्हाणं सांगतो, ते सासूचं असतं किंवा शेजारणीचं असतं. कोकणात ते देवाला घालतात, आणि ते कोणाचंही असू शकतं. काहीही शुभकार्य असो, एक जण पुढे उभा राहून मोठ्यानं देवाला सगळ्यांच्या वतीनं सांगणार, हे असं आहे म्हाराजा, ते तसं कर म्हाराजा. आणि प्रत्येक वाक्याला मागच्या सगळ्यांनी एका सुरात "व्हय म्हाराजा" म्हणायचं. लग्न होऊन आले तेव्हा पहिल्यांदा हे ऐकून मला वाटलं, कसला तरी ठराव पास होतोय. अजूनही मला तसंच वाटतं, आणि आमच्या सोसायटीच्या सभेपेक्षा ती पद्धत बरी, असंही वाटतं.

गवळणी यशोदेकडे कृष्णाची गाऱ्हाणी घेऊन जायच्या, ह्यावर तर मामांचं एक वेगळं व्याख्यान होतं. त्यांचं म्हणणं, त्या बायकांना दह्याचं काही पडलेलं नव्हतं. पोराला मार बसावा असंही वाटत नव्हतं. "तेंका नुसता तेच्या घराक जाऊचा होता. हात हलवीत कशा जातल्या? म्हणून गाऱ्हाणा घेऊन गेल्या." साळवेबाई हे ऐकत जिन्यात उभ्या होत्या. म्हणाल्या, "मामा, आमच्या खालचीसुद्धा रोज येते, तुमच्या नळाचं पाणी ठिबकतंय म्हणून. तिचं काय प्रेम उतू चाललंय का?" मामा गंभीरपणे म्हणाले, "साखर मागते काय?" साळवेबाई म्हणाल्या, "मागते." "मग ता तेच," मामा म्हणाले.

नोकरीत असताना मामा एका सरकारी कचेरीत तक्रारींच्या खिडकीमागे बसत. एवढी योग्य नेमणूक सरकारच्या हातून चुकूनच झाली असणार. खिडकीवरची 'तक्रार' ही पाटी बदलावी म्हणून त्यांनी साहेबाला इतकं सतावलं, की साहेबानं पाटीच काढून टाकली आणि लोक त्या खिडकीवर पोस्टाची तिकिटं मागू लागले. आलेल्या माणसाला मामा आधी खुर्ची देत, पाणी देत, मग तक्रार ह्या शब्दाचा मूळ अर्थ सांगत. एकदा एक गृहस्थ शांतपणे सगळं ऐकून म्हणाले, "पुन्हा पुन्हा बोलणं म्हणजे तक्रार ना? बरोबर आहे. म्हणूनच मी परत परत येतोय." मामांनी त्यांचं काम त्याच दिवशी करून दिलं. निवृत्त झाले तेव्हा निरोप समारंभात साहेब म्हणाले, की ह्यांच्या खिडकीवरून कोणी रागानं गेला नाही. मामांनी घरी येऊन हे सांगितलं, आणि मिस्टर माझ्या कानात म्हणाले, "दमून गेले असतील."

निवृत्तीनंतर आख्खी सोसायटी त्यांची खिडकी झाली. गेटजवळ लोखंडी खुर्ची टाकून बसायचे. कोणाचंही काहीही असलं की मामा देवाला गाऱ्हाणं घालून द्यायचे. नवी रिक्षा आली, घाला. बारावीचा निकाल आहे, घाला. गॅसचा नंबर लागत नाही, घाला. साळवेबाईंनी एकदा विचारलं, "मामा, माझ्याकडे देव नाही. मी कुठं घालू?" मामा म्हणाले, "माझ्याकडे घाला. मी पुढे पोचवीन." तेव्हापासून साळवेबाई त्यांना मधला दलाल म्हणायच्या, आणि कोंबडीचा रस्सा केला की पहिली वाटी दलालाला जायची.

एका उन्हाळ्यात नळाला पाणी येईना. दुसऱ्या मजल्यापर्यंत चढेना, म्हणजे माझ्यापर्यंत, त्यामुळे सेक्रेटरी म्हणून मी तातडीनं हालचाल केली. आम्ही आठ-दहा जण पाणीखात्याच्या कचेरीवर गेलो. साहेब जेवायला गेले होते. मी अर्ज काढून बसले. तासाभरानं मामांचा धीर सुटला. ते उठले, साहेबांच्या बंद दारासमोर उभे राहिले, डोळे मिटले, आणि त्या दोन माणसांच्या आवाजात सुरू केलं, "बा म्हाराजा, आज हयसर तुझी लेकरा कोरड्या घशान इली हत रे म्हाराजा." आमचे लोक म्हणाले, "व्हय म्हाराजा." ते ठीकच होतं. पण तो आवाज आमच्या आठ-दहांचा नव्हता. मी वळून बघितलं तर टेबलांमागचे निम्मे कारकून पेन हातात धरून उभे होते. शिपायानं टोपी काढली होती. टाइप करणारी बाई एका हातानं टाइप करत दुसरा हात छातीशी धरून होती. दुसऱ्या वाक्याला आणखी दोन टेबलं उठली. साहेब जेवून परतले तेव्हा त्यांचंच आख्खं ऑफिस त्यांच्या बंद दाराला "व्हय म्हाराजा" म्हणत होतं. साहेब वेंगुर्ल्याचे निघाले. ते दारातच थांबले आणि शेवटच्या वाक्याला त्यांच्याही तोंडून निघून गेलं. पाणी काही लगेच वाढलं नाही, पण सगळ्यांना चहा मिळाला. परत येताना मामा म्हणाले, "कोकणी माणूस झोपेत आसलो तरी म्हणतलो. ता तोंड नाय म्हणत. ता आतसून येता."

आता भावाचं. थोरल्यांचं घर आणि मामांचं घर गावी एकमेकांना लागून. मधल्या बांधावर एक फणसाचं झाड. ते कोणाचं, हा प्रश्न त्यांच्या आजोबांपासून चालत आलेला, आणि दोन्ही घरं त्याचे फणस मिळून खात आलेली. एका वर्षी थोरल्यांनी ते तोडलं आणि त्याच्या लाकडाची दारं केली. मामा मे महिन्यात गावी गेले तर झाडाच्या जागी खुंट. कोकणात देवापुढे आणखी एका प्रकारचं गाऱ्हाणं घालतात, आणि त्याच्याविषयी मामा व्याख्यान देत नसत. ज्यानं आपलं वाईट केलं त्याच्या नावानं देवापुढे नारळ ठेवायचा आणि सांगायचं, ह्याचा निवाडा तू कर. मामा तसेच तडक रवळनाथाच्या देवळात गेले आणि चार माणसांसमोर भावावर नारळ ठेवून आले. दुपारी जेवल्यावर राग गेला. पण तोवर ते गाऱ्हाणं घातलं गेलं होतं. पावसाळ्यात थोरले शेवाळावरून घसरले आणि त्यांचा पाय मोडला. तळकोकणात पावसाळ्यात शेवाळावरून कोण घसरत नाही, पण गाव म्हणालं, भावाचं गाऱ्हाणं लागलं. थोरल्यांनी अंथरुणावरून जाहीर केलं, की आजपासून हा माझा कोणी नाही.

असं गाऱ्हाणं मागे घेता येतं. पण त्यासाठी दोघांना देवापुढे एकत्र उभं राहावं लागतं. थोरले उभे राहीनात. मामांनी पत्रं पाठवली, ती न फोडता परत आली. मिस्टर मध्यस्थीला गेले, ते काजू घेऊन परत आले. पुढे मामांनी गावी जाणंच सोडलं. जगाची गाऱ्हाणी पोचवणारा हा माणूस स्वतःच्या दारातच अडकला होता.

मग थोरल्यांना मोतीबिंदू झाला. गावच्या डॉक्टरांनी मुंबईला न्या म्हणून सांगितलं. मुंबईत त्यांचं राहण्यासारखं घर एकच, भाच्याचं, म्हणजे माझं. ते आले. उंच, ताठ, एका पायानं जरा लंगडत चालणारे. गेटमध्ये लोखंडी खुर्चीवरचे मामा उभे राहिले तर त्यांच्या बाजूनं असे गेले, जणू खुर्ची रिकामीच आहे. वर येऊन टेकल्या टेकल्या मला म्हणाले, "सूनबाय, माझी एकच अट. तो खालचो हयसर येता नये."

मी म्हटलं, "थोरले मामा, हे घर माझं आहे. इथे येणारे येतील. तुम्हाला नको असेल तर डोळे मिटून घ्या, तसंही दोन दिवसांनी पट्टी बांधणारच आहेत."

थोरल्यांना असं कोणी बोललं नसावं. त्यांनी चहा मागितला.

ऑपरेशन नीट झालं. पट्टी गेली, काळा चष्मा आला, डॉक्टरांनी दोन-तीन आठवडे इथेच राहा म्हणून सांगितलं. मामा रोज संध्याकाळी वर यायचे. थोरले पलंगावर भिंतीकडे तोंड करून, मामा दाराजवळच्या स्टुलावर, मध्ये भाजी निवडत मी. "सूनबाय, तेका विचार, डोळ्यात औषध घातला काय." मी विचारायची. "तेका सांग, घातला." मी सांगायची. "तेका विचार, गावात पाऊस कसो झालो." अख्खा दिवस बँकेत काउंटरवर बसून आल्यावर घरी पुन्हा हे काउंटर. तिसऱ्या दिवशी मी सरळ सांगितलं, "मी काही टेलिफोन एक्स्चेंज नाही. ज्याला काही विचारायचं आहे त्यानं थेट लाइन लावावी." त्या दिवसापासून मामा गप्प बसून राहू लागले. तासभर बसायचे, जाताना पलंगाखालच्या चपला सरळ करून ठेवायचे आणि निघायचे. मामा आणि गप्प, हे दृश्य बघायला साळवेबाई मुद्दाम येऊन गेल्या. "आजारी कोण आहे नक्की?" त्यांनी मला जिन्यात विचारलं.

सोसायटीचा सत्यनारायण जानेवारीत असायचा. खाली आवारात मांडव. घराला कुलूप लावून मला तीर्थप्रसादाच्या कामाला जायचं होतं, म्हणून मी थोरल्यांना खाली आणून मागच्या रांगेत पंख्याजवळ बसवलं. ह्यात माझा काही डाव नव्हता. लोक नंतर बरंच काही बोलले, पण खरंच फक्त कुलूप लावायचं होतं. पूजा झाली, आरती झाली, आणि नेहमीप्रमाणे मामा गाऱ्हाणं घालायला पुढे उभे राहिले.

"बा सत्यनारायणा म्हाराजा, आज हयसर तुझी लेकरा हात जोडून उभी हत."

"व्हय म्हाराजा."

"टाकी भरता, पण पाणी वर चढणा नाय. ता चढव रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा."

"तिसऱ्या माळ्यावरसून केर खाली पडता. टाकणाऱ्यांका बुद्धी दे रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," तिसऱ्या मजल्यानंही म्हटलं.

एरवी इथे संपायचं आणि लोक शिऱ्याकडे वळायचे. मामा मात्र उभेच. कोणीतरी द्रोण वाटायला घेतले होते ते थांबले. मामांनी घसा साफ केला. आवाज एका माणसाचाच झाला होता.

"बा म्हाराजा, आणि एक रवला. ह्या तुझ्या लेकरान रागाच्या भरात आपल्याच भावावर नारळ ठेवलो. एका झाडासाठी ठेवलो. भावाचो पाय मोडलो. ता गाऱ्हाणा मी परत मागतंय. ता माका परत दे रे म्हाराजा."

कोणी काही म्हणालं नाही. हे नेहमीच्या गाऱ्हाण्यात बसणारं नव्हतं, आणि थोरले मागे बसलेत हे सगळ्यांना माहीत होतं. लोक एकमेकांकडे बघायला लागले. मला आठवतं, माझ्या हातात केळ्यांची फणी होती. आणि त्या शांततेत मागून, पंख्याजवळून, जाड, खर्जातला, एकटाच आवाज आला.

"व्हय म्हाराजा."

मी वळले. थोरले काळा चष्मा लावून ताठ बसले होते, हात जोडलेले, आणि चेहऱ्यावर असा भाव की आपल्या खिशातून भलत्याचंच पाकीट निघालं आहे. जन्मभर जी सवय लागली तिनं त्यांना विचारलंच नव्हतं. मामा वळले नाहीत. त्यांनी देवाकडे बघतच पुढचं म्हटलं, "आणि तेची माझ्याशी वाचा मोकळी कर रे म्हाराजा." ह्या वेळी मात्र आख्खी सोसायटी एकदम ओरडली, साळवेबाईंसकट. थोरल्यांनी ओठ गच्च मिटले होते. ते हलले मात्र.

वर आल्यावर थोरले माझ्यावर तापले. "ता मी देवाक म्हटलंय. तेचो नि माझो काय संबंध नाय."

साळवेबाई शिरा घेऊन आल्या होत्या. म्हणाल्या, "अहो, पण हो म्हणालात ना? आता तुमचं त्यांच्याशी बिनसलंय तेवढं पुरे, देवाशी कशाला बिनसवता?"

थोरल्यांनी शिरा खाल्ला. खाली मामांची वेगळीच चिंता. त्यांना रात्रीचं जेवण जाईना. "गाऱ्हाणा घातलेला रवळनाथाक," ते मला म्हणाले, "आणि परत मागला सत्यनारायणाकडे. ता चालतला काय?" मी म्हटलं, "मामा, आमच्या बँकेत मालवणचा चेक घाटकोपरला वटतो. थोडे दिवस लागतात एवढंच." बँकेचं उदाहरण त्यांना पटलं. दोन चपात्या खाल्ल्या.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मामा वर आले, स्टुलावर बसले, आणि थोड्या वेळानं डोळे मिटून, हात जोडून, पलंगाकडे तोंड करून म्हणाले, "बा म्हाराजा, उद्या बाजारात बांगडे चांगले येतले. ते आणूचे काय रे म्हाराजा?"

मग भिंतीकडून आवाज आला, "व्हय म्हाराजा."

त्या दिवसापासून आमच्या घरात हे सुरू झालं. थोरले मामांशी बोलत नव्हते, ते त्यांनी सोडलं नव्हतं. पण मामांनी देवाला काही विचारलं तर मध्ये पडल्यावाचून त्यांना राहवत नसे. "बा म्हाराजा, तेच्या डोळ्यात औषध घालूची वेळ झाली." "व्हय म्हाराजा." "बा म्हाराजा, पंखो बंद करू?" "व्हय म्हाराजा." नाही म्हणायची सोय त्या पद्धतीत मुळातच नाही. त्यामुळे थोरल्यांना नको असलेला पेरूही खावा लागला आणि कीर्तनालाही जावं लागलं. मिस्टर म्हणाले, असं बायकोशी बोलता आलं तर किती बरं होईल. मी म्हटलं, करून बघा. त्यांनी करून बघितलं नाही.

एवढं होऊनही एक साधं वाक्य थोरल्यांच्या तोंडून मामांकडे आलं नव्हतं. मामा मला म्हणत नसत, पण मला दिसत होतं. प्रत्येक "व्हय म्हाराजा" नंतर ते थोडं थांबायचे, पुढे काही येतंय का म्हणून. काही येत नसे. शब्दाचे इतके अर्थ ठाऊक असलेला माणूस तो, एका अर्थावर समाधान मानून जिना उतरायचा.

थोरल्यांना परत सोडायला कुर्ल्याच्या एसटी डेपोत मी आणि मामा गेलो. दुपारची गाडी होती. थोरले खिडकीशी बसले, मांडीवर पिशवी, काळा चष्मा. मामा खाली खिडकीशी उभे. कंडक्टरनं घंटी मारायच्या आधी मामांनी हात जोडले. "बा म्हाराजा, तेचो प्रवास सुखाचो होऊ दे रे म्हाराजा." आता मालवणची एसटी म्हणजे काय सांगायचं. आख्खी गाडी म्हणाली, "व्हय म्हाराजा." ड्रायव्हरसुद्धा. थोरल्यांचा आवाज त्यात कुठे होता ते मला काही वेगळं ऐकू आलं नाही.

गाडी सुरू झाली, जराशी पुढे सरकली आणि समोर हातगाडी आल्यामुळे थांबली. थोरल्यांनी चष्मा काढला. नवीन डोळ्यानं खिडकीतून खाली, मामांकडे, नीट बघितलं. असं त्यांनी कित्येक वर्षांत बघितलं नसावं, आणि शेवटच्या वर्षांत तर मोतीबिंदूमुळे त्यांना दिसतही नसावं.

"केस पिकले रे तुझे," ते म्हणाले. "उन्हात उभो रवा नको. घराक जा."

मामांनी तोंड उघडलं. त्यातून काहीही आलं नाही, व्हय सुद्धा नाही. हातगाडी बाजूला झाली आणि गाडी निघून गेली.

गाडी वळणावर दिसेनाशी झाली तरी मामा तिथेच. मागून रत्नागिरीची गाडी फलाटाला लागायला आली होती, तिचा ड्रायव्हर हॉर्न वाजवून दमला. मी मामांचा दंड धरून त्यांना बाजूला घेतलं, शेडखाली आणलं. तिथे त्यांनी डोक्यावरून हात फिरवला, पुढून मागे, मग पुन्हा पुढून, जणू तिथे कोणीतरी काहीतरी ठेवून गेलं आहे.

"खरंच पिकले काय गो?" त्यांनी विचारलं.

"केव्हाचेच, मामा," मी म्हटलं.